दफ्तर आणि आपबीती



न्यायमूर्ती रानडे यांनी १८७५ साली पुण्यात वसंत व्याख्यानमाला सुरू केली, आणि पुढे महाराष्ट्रात गावोगावी तिच्या लेकी नांदू लागल्या. आपली ही माला त्यांपैकीच एक. उन्हाळ्याचे दिवस, नुकतीच कुठे हवा थोडी हलकी झालेली. अशा वेळी वक्त्याने श्रोत्यांच्या डोक्यावर फार ओझे ठेवू नये असा एक संकेत आहे. आज तो माझ्याकडून थोडा मोडला जाणार आहे. त्याबद्दल आरंभीच आपली क्षमा मागतो.

मी नांदेडचा. नांदेडहून लातूरला येताना लोहा मागे पडले की माळेगाव लागते. माळेगावच्या खंडोबाची यात्रा आपणां सर्वांच्या परिचयाची आहे. मार्गशीर्षात ती भरते. घोडे, उंट, गाढवे, बैल यांचा मोठा बाजार असतो. दूरदूरचे भटके लोक तेथे पाले ठोकतात, आणि त्यांच्या जातपंचायतीही तेथे बसत आल्या आहेत. लहानपणी वडिलांबरोबर मी त्या यात्रेला गेलो होतो. पालांच्या एका रांगेजवळून जाताना वडिलांनी एका हाताने माझे मनगट घट्ट धरले आणि दुसरा हात कोटाच्या खिशावर ठेवला. तोंडाने ते काही बोलले नाहीत. त्या पालांतील माणसांनी आमचे काही घेतले नव्हते. एक म्हातारी चुलीपुढे बसून भाकरी थापत होती, एवढेच. पुढे मी मोठा झालो, चार पुस्तके वाचली, समतेवर भाषणेही केली. आणि एका वर्षी त्याच यात्रेत, जवळजवळ त्याच जागी, माझा हात माझ्या नकळत माझ्या खिशावर गेला. हा हात तेथे कसा जातो, त्याला हे कोण शिकवते, हाच आजच्या व्याख्यानाचा विषय आहे असे म्हटले तरी चालेल.

पत्रिकेवर मात्र विषय छापला आहे तो 'दफ्तर आणि आपबीती'. सरकार माणसाविषयी लिहून ठेवते ते दफ्तर. माणूस स्वतःविषयी सांगतो ती आपबीती. इतिहास लिहिणाऱ्याला दोन्ही लागतात. पण काही माणसे अशी असतात की त्यांच्याविषयी दफ्तर भरभरून असते आणि आपबीती एका ओळीचीही नसते. अशा माणसांचा इतिहास कोणी व कसा लिहायचा? या प्रश्नाला धरून दोन लेखकांविषयी मी बोलणार आहे. दोघेही आज ज्याला लातूर जिल्हा म्हणतात त्या मुलखातले. एक निलंग्याचे सेतुमाधवराव पगडी आणि दुसरे लातूर तालुक्यातील धनेगावचे लक्ष्मण गायकवाड. पहिल्यांविषयी थोडे बोलेन, दुसऱ्यांविषयी अधिक.

खऱ्या माणसांच्या खऱ्या हकिकती लिहून ठेवणे हा मराठी गद्याचा नवा छंद नव्हे. किंबहुना मराठी गद्याचा जन्मच त्यातून झाला. तेराव्या शतकाच्या अखेरीस म्हाइंभटाने लीळाचरित्र सिद्ध केले ते कसे? चक्रधरस्वामींना ज्यांनी पाहिले, ऐकले, त्यांच्याकडे जाऊन, विचारून, ताडून. त्या ग्रंथात राजे थोडे आणि साधी माणसे पुष्कळ आहेत. ती बोलतात, जेवतात, रुसतात, प्रश्न विचारतात. म्हणजे ज्याने पाहिले त्याला विचारावे आणि जसे सांगितले तसे लिहावे, हा रिवाज आपल्या भाषेत सातशे वर्षांचा आहे. पण पुढे आपण बखरी लिहिल्या, करीने आणि कैफियती लिहिल्या, वतनाचे महजर लिहिले. आणि ज्याला वतन नाही, त्याचा उल्लेखही सहसा कागदावर उरला नाही. १८५५ साली मुक्ता साळवे या फुल्यांच्या शाळेतील चौदा वर्षांच्या विद्यार्थिनीने मांग-महारांच्या दुःखाविषयी निबंध लिहिला आणि तो 'ज्ञानोदया'त छापला गेला, तेव्हा कितीतरी शतकांनी बिनवतनदार माणूस स्वतः बोलला.

आता सेतुमाधवरावांकडे येऊ. त्यांचा जन्म १९१० सालचा. निलंगा तेव्हा निझामाच्या राज्यात बिदर जिल्ह्यात होते. १९५६ च्या राज्यपुनर्रचनेनंतर ते उस्मानाबाद जिल्ह्यात आले आणि १९८२ साली लातूर जिल्हा वेगळा झाला तेव्हा त्यात गेले. त्या काळी सरकारदरबारची भाषा उर्दू, बाजाराची मराठी, आणि थोडे दक्षिणेला सरकले की कानडी व तेलुगू. अशा मुलखात वाढलेल्या माणसाला भाषा शिकण्याचे भय नसते. सेतुमाधवराव निझामाच्या मुलकी नोकरीत गेले. पुढे शिवकाल आणि मोगल-मराठा संघर्ष यांवर, विशेषतः फारसी साधनांच्या आधारे, त्यांनी जे लिहिले ते प्रसिद्धच आहे. महाराष्ट्र राज्याच्या गॅझेटियरचे काम त्यांनी पाहिले, १९९२ साली त्यांना पद्मभूषण मिळाले. या गोष्टी आपल्याला ठाऊक आहेत. मला त्यांचे जे काम आज सांगावयाचे आहे ते कमी ठाऊक आहे.

हा अधिकारी आदिलाबाद जिल्ह्यात गोंड आणि कोलाम या लोकांत गेला. आपल्या नांदेड जिल्ह्यातले किनवट १९५६ पर्यंत याच आदिलाबादेत होते, हे ध्यानात घ्यावे. म्हणजे ही हकिकत परक्या मुलखाची नाही. १९४० साली याच जिल्ह्यात जोडेघाट येथे कोमरम भीमाचे बंड झाले आणि गोळीबारात तो मारला गेला. बंडाचे कारण साधे होते: जंगल आणि जमीन हातची गेली होती. पण जमीन जाते कशी? गोंड कसतो, पिढ्यान्‌पिढ्या कसतो. त्याच्याजवळ कागद नसतो. दुसरा कोणी येतो, त्याच्याजवळ कागद असतो. तक्रार करायची तर कचेरीत उर्दू चालते आणि गोंडाला गोंडी येते. मधे अर्ज लिहिणारा बसलेला. गोंड सांगतो एक आणि अर्जात उतरते भलतेच. सेतुमाधवरावांनी हे ओळखले. त्यांनी गोंडी शिकली, कोलामी शिकली, दोन्ही भाषांची व्याकरणे लिहिली, आणि आदिलाबादच्या गोंडांवर पुस्तकही लिहिले. मुलकी अधिकाऱ्याने कोलामीचे व्याकरण लिहावे, यात विद्वत्तेची हौस असेलच. पण ती केवळ हौस नव्हे. फिर्यादीची भाषा हाकिमाने शिकावी, हा न्यायाचा पहिला पाठ आहे. ज्याची भाषा कचेरीत कोणाला येत नाही, तो कचेरीच्या दृष्टीने मुका असतो.

सेतुमाधवराव ही दफ्तराची उत्तम बाजू झाली. दफ्तरातला माणूस दफ्तराबाहेर आला आणि त्याने ऐकले. परंतु, सभ्य गृहस्थहो, येथे एक मर्यादा राहतेच. ऐकणारा कितीही सहृदय असला तरी तो ऐकणारा असतो. गोंडांविषयी जे लिहिले ते सेतुमाधवरावांनी लिहिले. गोंडाने लिहिले नाही. दार उघडले, पण आतल्या माणसाने बाहेर येऊन बोलावे ही गोष्ट उरलीच.

गोंडांची अडचण अशी की त्यांच्याजवळ कागद नव्हता. आता अशा लोकांकडे वळू की ज्यांच्याविषयी कागद नको इतका होता.

१८७१ साली इंग्रज सरकारने एक कायदा केला. 'गुन्हेगार जमातींचा कायदा' असे त्याचे नाव. त्यामागचा विचार ऐकण्यासारखा आहे. या देशात सुताराचा मुलगा सुतार होतो, विणकराचा विणकर होतो. तेव्हा चोराचा मुलगा चोरच होणार! आपल्या जातिव्यवस्थेचे प्रमाण घेऊन इंग्रजांनी एक नवी जात घडवली आणि तिला कायद्याची मोहर लावली. एखादी जमात गुन्हेगार आहे असे सरकारने एकदा जाहीर केले की ते बरोबर की चूक, हे विचारण्याचा अधिकार कोणत्याही न्यायालयाला नव्हता. जमातीतल्या माणसांची नोंदवही करायची. ज्याचे नाव वहीत, त्याने ठाण्यावर हजेरी द्यायची. परगावी जायचे तर दाखला घ्यायचा. दाखल्यावाचून सापडला तर तोच गुन्हा. १८९७ साली दुरुस्ती झाली, तीत चार वर्षांपासून अठरा वर्षांपर्यंतच्या मुलांना आईबापांपासून काढून निराळ्या वसाहतीत ठेवण्याची सोय झाली. १९११ साली हा कायदा देशभर लागू करता येईल असा झाला, आणि बोटांचे ठसे आले. सोलापुरासारख्या ठिकाणी तारेच्या कुंपणाआड वसाहती झाल्या. निझामाचे राज्य इंग्रजी कायद्याच्या बाहेर असले तरी त्याचा वारा इकडेही आला, आणि हजेरी आपल्या मुलखातल्या लोकांच्याही कपाळी आली.

या सगळ्यात चमत्कारिक काय आहे ते पाहा. इतर माणूस आधी गुन्हा करतो आणि मग त्याचे नाव वहीत जाते. येथे नाव आधी वहीत जाते. माणूस मागाहून जन्माला येतो.

स्वातंत्र्यानंतर चौकशी समिती नेमली गेली, आणि ३१ ऑगस्ट १९५२ रोजी हा कायदा रद्द झाला. देश स्वतंत्र झाला १५ ऑगस्ट १९४७ ला. आपला मराठवाडा मुक्त झाला १७ सप्टेंबर १९४८ ला. आणि या लोकांचे स्वातंत्र्य आले ते आणखी चार वर्षांनी. एकाच गावात राहणाऱ्या माणसांचे स्वातंत्र्यदिन वेगवेगळे असू शकतात, ही गोष्ट आपल्या शाळेतल्या इतिहासात मला कोणी सांगितली नव्हती. ती मला लक्ष्मण गायकवाड यांच्या पुस्तकामुळे कळली.

ते पुस्तक म्हणजे 'उचल्या'. ते १९८७ साली प्रसिद्ध झाले आणि १९८८ साली त्याला साहित्य अकादमीचा पुरस्कार मिळाला. त्याआधी १९७८ साली दया पवार यांचे 'बलुतं' आले होते, १९८० साली लक्ष्मण माने यांचे 'उपरा' आले होते, १९८४ साली शरणकुमार लिंबाळे यांचे 'अक्करमाशी' आले होते. म्हणजे वाट पडली होती. तरीही 'उचल्या'ची जागा निराळी आहे. 'बलुतं' गावकुसाबाहेरच्या माणसाचे आहे. पण त्याला गाव तरी आहे, गावाने त्याच्यावर लादलेले काम तरी आहे. 'उचल्या'तल्या माणसाला गावाने कामही दिलेले नाही. त्याचा आणि गावाचा संबंध येतो तो फौजदाराच्या मार्फत.

लेखक आरंभीच सांगतो की आपल्या जन्माची तारीख आपल्याला ठाऊक नाही. थोडा विचार करा. ज्या कुटुंबाचा ठावठिकाणा ठाण्याला रोज ठाऊक असायला हवा, त्या कुटुंबातल्या मुलाच्या जन्माची नोंद कोठेच नाही! दफ्तराला त्या घरातला चोर हवा होता, मूल नको होते. दफ्तर कशासाठी ठेवले जाते यावर त्यात काय सापडेल हे ठरते, हे इतिहासाच्या विद्यार्थ्याने येथे शिकून घ्यावे.

पुस्तकात घरातली माणसे येतात. ठाण्यावर हजेरी देणारे आजोबा आहेत. दुसऱ्या गावी जायचे तर त्यांना परवानगी लागे. भूक आहे, आणि ती अशी की तिच्यापुढे पापपुण्याचा हिशेब करायला कोणाला सवड नसते. पोलीस येतात, चोरी झाली म्हणून येतात आणि चोरी झाली नाही तरी येतात. घरातल्या बायकांनी काय सोसले ते लेखक झाकून ठेवत नाही, आणि त्यावर रडगाणेही गात नाही. लहान पोरांना धंद्याची शिकवण दिली जाते, आणि त्या शिकवणीत मार खाण्याची शिकवणही असते. कारण पुढे ठाण्यात मार बसणार आणि तेव्हा तोंड उघडायचे नाही. आपल्या घरात मुलाला पाढे शिकवतात. त्या घरात मुलाला मार सोसायला शिकवतात. दोन्हीकडे आईबापांच्या मनात एकच असते: पोराचा पुढे निभाव लागावा.

आणि शाळेची हकिकत. लक्ष्मण शाळेत जाऊ लागला तेव्हा वस्तीतल्या पोरांना आजार झाला. जातीतल्या माणसांनी त्याचे खापर या शाळेत जाण्यावर फोडले: आपल्यात कधी कोणी शाळेत गेले नाही, हे आक्रीत झाले म्हणून पोरे आजारी पडली. आपण हसू आणि म्हणू की ही अंधश्रद्धा. मला विचाराल तर ती निव्वळ अंधश्रद्धा नव्हती. ज्यांच्यापुढे कागद आला तो नेहमी नुकसान घेऊनच आला, त्यांनी पाटीपुस्तकालाही भ्यावे यात नवल काय? वहीत नाव जाणे म्हणजे काय याचा त्यांचा अनुभव आपल्याहून फार निराळा होता.

पुढे लेखक लातूरला आला. सूतगिरणीत काम केले, कामगारांच्या संघटनेत पडला, पोटासाठी लहानमोठे उद्योग केले. लातूर शहर तुमचे आहे. येथल्या गिरण्या, गंजगोलाई, आडत-बाजार, या सगळ्यांचा इतिहास तुम्ही ऐकला असेल. बहुतेक तो ज्यांनी दुकाने घातली त्यांचा असेल. 'उचल्या'त तुमचे शहर रस्त्याच्या दुसऱ्या बाजूने दिसते. ज्याला काम हवे आहे आणि जात कळली की ज्याचे काम जाण्याचे भय आहे, अशा माणसाच्या डोळ्यांनी दिसते. आपल्या गावाचे हे चित्र घरात ठेवायला सुखाचे नाही. पण ज्या गावाचे एकाच बाजूने काढलेले चित्र आहे, त्या गावाला आपला चेहरा पुरता ठाऊक नसतो.

आता काही आक्षेप. ते मी कल्पनेने उभे करीत नाही. अशा पुस्तकांविषयी बोलताना ते मी समोरासमोर ऐकले आहेत.

पहिला आक्षेप, हे वाङ्मय आहे काय? याला मी फार वेळ देणार नाही. ज्या पुस्तकाने माणूस दिसतो, ऐकू येतो आणि मिटल्यावरही मनातून जात नाही, ते वाङ्मय नसेल तर वाङ्मय या शब्दाचा अर्थ आपण पुन्हा ठरवावा. भाषा ओबडधोबड आहे म्हणतात. घरची बोली वेगळी, मराठी शाळेत आणि बाजारात भेटलेली, आणि त्या मराठीत तो आपले सगळे आयुष्य सांगतो. यात त्याने मराठीवर उपकार केले आहेत, तिची हानी केलेली नाही.

दुसरा आक्षेप अधिक वजनाचा आहे. आठवणींवर इतिहास उभारता येतो काय? माणूस विसरतो, रंगवतो, आपल्या बाजूने सांगतो. हे खरे आहे. पण दफ्तर तरी काय असते? तीही कोणाची तरी सांगी असते. फक्त ती सांगणाऱ्याच्या हातात दंडुका असतो. फ्रान्सच्या दक्षिणेला पिरेनीज पर्वतात माँताय्यू नावाचे एक खेडे आहे. चौदाव्या शतकाच्या आरंभी तेथल्या लोकांवर पाखंडाचा आरोप ठेवून एका बिशपाने त्यांच्या जबान्या घेतल्या. त्या दफ्तरावरून इतिहासकार ल रॉय लादुरी यांनी १९७५ साली त्या खेड्याचे सबंध जीवन उभे केले, आणि ते पुस्तक जगभर वाचले गेले. मेंढपाळ, बायका, त्यांची भांडणे, त्यांची स्वप्ने, सगळे त्यात आहे. पण श्रोतेहो, त्या मेंढपाळांचा एकही शब्द बिशपाच्या कारकुनाच्या लेखणीतून गेल्यावाचून आपल्यापर्यंत आलेला नाही. साडेसहाशे वर्षांनी एक थोर इतिहासकार यावा लागला तेव्हा त्यांचा आवाज थोडासा मोकळा झाला. येथे आपल्या धनेगावच्या माणसाने काय केले? ज्या वहीत त्याच्या आजोबांचे नाव होते, तिच्या शेजारी त्याने आपली वही आणून ठेवली. आता पुढच्या इतिहासकाराला दोन्ही वह्या ताडून पाहता येतील. आठवणीत तारीख चुकेल. दफ्तरात माणूस चुकतो. दोन चुका शेजारी ठेवल्या म्हणजे सत्य जवळ येते.

तिसरा आक्षेप नैतिक आहे, आणि तो मला सर्वांत महत्त्वाचा वाटतो. हे चोरीचे समर्थन नव्हे काय? बाजारात बैल विकून आलेल्या कुणब्याचा कसा कापला जातो, त्याच्या घरी त्या रात्री काय होते? हा प्रश्न विचारणाऱ्याला मी दोष देणार नाही. तो कुणबीही खरा आहे आणि त्याचे रडणेही खरे आहे. त्याची आपबीतीही लिहिली गेली पाहिजे. परंतु 'उचल्या' चोरीचे समर्थन करीत नाही. तो चोरी लपवीत नाही, एवढेच. आपल्या माणसांनी काय केले हे जो सांगतो, त्याने आपल्या माणसांवर काय झाले हे सांगितले तर त्याचा शब्द मानावा लागतो. केवळ आपल्या दुःखाची यादी करणारा वकील असतो. आपल्या घरचे उणेही सांगणारा साक्षीदार असतो. गायकवाड साक्षीदार आहेत. पुस्तकाला त्यांनी जे नाव दिले तेही पाहा. जो शब्द इतरांनी शिवीसारखा फेकला, तोच त्यांनी उचलून मुखपृष्ठावर ठेवला. आता तो शब्द उच्चारताना आपल्यालाच थोडे थांबावे लागते.

आणि चोरीविषयी बोलायचेच तर आणखी एक विचारतो. चोरीचा माल कोणीतरी विकत घेतो, म्हणून चोरीचा धंदा चालतो. घेणाऱ्याची जमात कोणत्या कायद्याने कधी जाहीर झाली काय? त्याच्या नातवाला कोणी हजेरी लावली काय?

कायदा १९५२ साली गेला हे मी सांगितले. त्याच्या जागी सराईत गुन्हेगारांचे कायदे आले. मुंबई राज्याचा १९५९ सालचा. या नव्या कायद्यात जमात नाही, व्यक्ती आहे, हा फरक मोठा आहे आणि तो मान्य केला पाहिजे. या लोकांना 'विमुक्त' असे चांगले नाव मिळाले. महाराष्ट्रात विमुक्त जाती चौदा आणि भटक्या जमाती अठ्ठावीस अशी यादी झाली. पण नाव बदलल्याने हात खिशावरून निघाला नाही. १९९८ साली पश्चिम बंगालात पुरुलिया जिल्ह्यात बुधन सबर नावाचा एक तरुण कोठडीत मेला. सबर ही जमातही त्या जुन्या वहीतली. त्या मृत्यूनंतर महाश्वेतादेवी, गणेश देवी आणि आपले लक्ष्मण गायकवाड यांनी देशभरच्या विमुक्त-भटक्यांच्या हक्कांसाठी एक गट उभा केला. लातूर आणि पुरुलिया यांच्यात किती अंतर आहे! भाषा निराळी, मुलूख निराळा. पण वही एक होती, म्हणून दुःखही एक निघाले. पुढे केंद्र सरकारने रेणके आयोग नेमला, नंतर इदाते आयोग नेमला. अहवाल झाले.

या साऱ्यात एक गोष्ट मला फार बोचते. विमुक्त-भटक्यांना जातीचा दाखला हवा असेल तर २१ नोव्हेंबर १९६१ पूर्वीच्या वास्तव्याचा पुरावा मागण्याची रीत पडली. सरकारचेही बरोबर आहे. दाखला द्यायचा तर काही पुरावा पाहिजे. पण कोणाला मागतो आपण हा पुरावा? ज्याला एका गावात राहू दिले नाही त्याला. ज्याच्या आजोबांच्या नावाचा एकमेव सरकारी कागद कदाचित ठाण्यातच असेल त्याला. एके काळी ज्या कागदाने त्याला बांधले, तोच कागद सोडवणुकीसाठी त्याने शोधून आणायचा! गोंडाची जमीन कागद नाही म्हणून गेली, याचे शिक्षण कागदासाठी अडले. सेतुमाधवरावांच्या आदिलाबादेतून आपण निघालो आणि फिरून त्याच दाराशी आलो.

नांदेडच्या पीपल्स कॉलेजात शिकवणारे नरहर कुरुंदकर १९८२ साली गेले. त्यांना 'उचल्या' वाचायला मिळाले नाही. माझ्या पिढीला ही रुखरुख आहे. मराठवाड्याच्या समाजाचा विचार करताना ते कोणाला सूट देत नसत, स्वतःलाही नाही. त्यांनी या पुस्तकावर काय लिहिले असते हे मी सांगणार नाही. मेलेल्या माणसाच्या तोंडी आपले शब्द घालू नयेत. पण त्यांच्याकडून एक सवय आपल्याला घेता येते. समोरच्याचे उत्तर ऐकण्यापूर्वी आपला प्रश्न नीट तपासावा. 'हे लोक चोऱ्या का करतात?' हा आपला प्रश्न होता. 'यांना दुसरे काय करू दिले?' हा प्रश्न आपण विचारला नाही. तो 'उचल्या'ने विचारला.

माझे बोलणे आता आटोपते घेतो. आपण सर्व शहरात राहणारी माणसे आहोत. आपल्यापैकी कोणी शिक्षक आहे, कोणी वकील, कोणी दुकानदार, कोणी कचेरीत काम करणारा. म्हणजे आपल्यापैकी जवळजवळ प्रत्येकाच्या हातात एखादी वही आहे. शाळेचा हजेरीपट आहे, दुकानाची खतावणी आहे, कचेरीची आवक-जावक आहे. त्या वहीत आपण माणसाचे नाव कसे लिहितो, कोणते रकाने ठेवतो, कोणते ठेवत नाही, यावर उद्याचा इतिहास ठरणार आहे. सेतुमाधवरावांनी वही बाजूला ठेवून समोरच्या माणसाची भाषा शिकली. गायकवाडांनी वही आपल्या हातात घेतली. ही दोन्ही कामे अपुरी आहेत. येथे बसलेल्या तरुणांपैकी कोणी आपल्याच गल्लीतल्या एखाद्या वृद्ध गिरणीकामगाराकडे, पालावरच्या एखाद्या आजीकडे जाऊन तिची हकिकत तिच्याच बोलीत उतरवून घेतली, तर म्हाइंभटाचा तो सातशे वर्षांचा रिवाज पुन्हा चालू होईल. त्याला पैसा लागत नाही. जाऊन बसण्याची तयारी लागते.

मी यंदाही माळेगावला गेलो होतो. पालांच्या रांगेजवळ आलो तेव्हा हात निघालाच होता. खोटे कशाला सांगू? पण या वेळी तो मला दिसला. मी तो खाली घेतला आणि पालापुढे बसलेल्या एका म्हाताऱ्याला रामराम घातला. त्याने रामराम घेतला, पण माझ्याकडे जरा संशयाने पाहिले. त्याचेही बरोबरच होते. इतक्या वर्षांत आमच्यासारख्या माणसाने त्याला रामराम कशाला घातला असेल, असा विचार त्याने केला असावा. विश्वास एका रामरामाने येत नाही. पुढच्या वर्षी पुन्हा जायचे आहे, आणि त्या वेळी त्याच्यापाशी थोडा वेळ बसायचे आहे.